होडी, कोंबड्या आणि घरातलं धुकं

बसा हो, जरा सरकून बसा. बस काय, दुसरी येईल. तोवर अशी एक गोष्ट सांगतो की घरी जाऊन सांगितलीत, तर तुमचीच माणसं म्हणतील, थापा मारू नका. पण खरी आहे! माझ्याच घरात घडली, माझ्याच हाताने घडली, आणि भिंतीवरचा कागद अजून लोंबतोय. पाहिजे तर येऊन बघा.

आधी एक सांगून ठेवतो. वाफेतलं काही असलं तर मला विचारायचं. शाळेत मी फार टिकलो नाही. मास्तरांचं आणि माझं एकाच गोष्टीवर एकमत झालं, ते म्हणजे मी घरी जावं. पण वाफ! मोठ्या हॉटेलच्या लाँड्रीत मी इस्त्रीच्या खात्यात असतो. चादरी, टेबलावरची कापडं, पाहुण्यांचे सूट, नवरीचे झगे, सगळं माझ्या हाताखालून जातं. सकाळी आत शिरलो की समोरचा माणूस दिसत नाही, नुसता खोकला ऐकू येतो. त्यावरून ओळखायचं कोण आहे ते. अशा ढगात माझं आयुष्य गेलं. म्हणून माझं ठाम मत आहे, जगातली कुठलीही सुरकुती वाफेने जाते! फक्त कपाळावरची जात नाही.

तर बायकोच्या कपाळावर एक पडली होती, आणि ती घालवायला मी निघालो.

आमची ही लिफ्टच्या कंपनीत फोनवर असते. म्हणजे कसं, लिफ्टमध्ये माणूस अडकला की आतलं लाल बटण दाबतो, आणि थेट हिच्या कानात ओरडतो. कोणी रडतं, कोणी शिव्या घालतं, एकाने तर तिला मृत्युपत्र सांगायला घेतलं होतं. आणि ही काय करते? ही त्या आवाजात बोलते. काय सांगू तुम्हाला! तापलेल्या कपाळावर कोणी ओला हात ठेवावा ना, तसा आवाज. "घाबरू नका. भिंतीला टेकून उभे राहा. सावकाश श्वास घ्या. माणूस निघालाय."

संपलं! बैल असला तरी शांत होईल.

घरी पण तोच आवाज. मी एकदा मोरीत झुरळ बघून ओरडलो, तर बाहेरून म्हणते कशी, "घाबरू नका. भिंतीला टेकून उभे राहा. चप्पल निघालीय!"

आता एवढी शांती येते कुठून? माणूस काय शांतीची टाकी घेऊन जन्माला येतो? दिवसभर वाटायची म्हटलं की संध्याकाळी भरावी लागते. हिची भरायची जागा म्हणजे होडी.

टीव्हीवरचा खेळ हो! जुनं एक गेमचं मशीन होतं आमच्याकडे, पोरगी लग्न होऊन गेली तेव्हा मागे ठेवून गेली. त्यात एकच डिस्क. खेळ असा की, एक नावाडी असतो, त्याच्या होडीत कोंबड्या असतात, आणि त्या कोंबड्या समोरच्या बेटावर पोचवायच्या. पोचवल्या की जिंकलात. पण आमच्या हिने त्या कधी पोचवल्याच नाहीत! ती नुसती होडी सोडायची आणि बसायची. चोहीकडे धुकं. दाट, दुधाळ, हलतं. वल्ह्याचा आवाज, चुळूक... चुळूक... मधेच एखादी कोंबडी झोपेत बोलायची. धुक्यात लांब काहीतरी काळपट दिसायचं, बेट असेल, डोंगर असेल, कोणी उभं असेल. होडी जवळ गेली की ते आणखी मागे सरकायचं. मीसुद्धा कामावरून आलो की तिच्याशेजारी टेकायचो आणि माझी मान कधी पडायची कळायचं नाही. झोपेतही पाणीच ऐकू यायचं. कोंबड्यांची वर्षं मोजली असती तर बिचाऱ्या त्या होडीतच म्हाताऱ्या झाल्या असत्या.

"अगं, पोचव की त्यांना एकदा," मी म्हणायचो.

"घाई काय आहे? पुढे काहीतरी आहे ना, तेवढं पुरे."

अशी बाई!

पण मशीनलाही वय असतं. ते डिस्क घ्यायचं नाही. घेतली तर आत कॉफी दळल्यासारखं करायचं. मग ही त्याच्या पाठीवर हात फिरवून म्हणायची, "सावकाश श्वास घे." त्याने घेतले तेवढे घेतले. होडी अडकायला लागली, धुकं थांबायला लागलं, आणि हिच्या कपाळावर ती सुरकुती पडली.

मी छातीवर हात मारून म्हटलं, "अगं, मी आहे ना! उद्याच्या उद्या नवं मशीन आणतो!"

दुकानात गेलो. दुकानदार म्हणजे हसरा माणूस, दात मोजून घ्या. जुनं मशीन मी चादरीत गुंडाळून नेलं होतं, आजारी माणसाला न्यावं तसं.

"ही डिस्क नव्यात चालेल का?"

"चालेल? काका, पळेल!"

"पळायला नको हो. होडी आहे."

"काका, तुम्ही काळजीच सोडा. नवं मशीन जुने खेळ नुसते चालवत नाही, सुधारून चालवतं! चित्र असं स्वच्छ, असं स्वच्छ, की जुन्यात जे कधी दिसलं नाही ते पण दिसेल!"

तिथेच मला कळायला पाहिजे होतं. पण मी पडलो लाँड्रीतला. स्वच्छ म्हटलं की माझं डोकं बंद होतं. मी म्हटलं, "द्या!" त्याने जुन्याच्या पोटातून हिची होडी, हिच्या कोंबड्या, सगळं जपून नव्यात उतरवून दिलं. घरी आणलं. वायरी जोडल्या. हिला डोळे मिटायला लावले आणि म्हटलं, "उघड आता! तुझ्यासाठी समुद्र धुऊन आणलाय!"

तिने डोळे उघडले.

खरंच धुतला होता हो! धुकंच नाही! टीव्हीवर असा लख्ख उजेड की कोणी डोळ्यांत बोट घातल्यासारखं वाटावं. पाणी निळं, सपाट, परीट घडीच्या चादरीसारखं. आणि ज्याच्यामागे ही इतकी वर्षं सावकाश चालली होती ते बेट हे असं समोर! जवळच! जणू हिरवं कापड दांडीवर वाळत घातलंय, मागे काही नाही. आणि त्याच्याही पलीकडे समुद्र होता का? नव्हता! सुरीने कापल्यासारखा संपला होता. सरळ कडा, आणि पुढे काळोख.

नावाड्याने तोंड वळवलं. त्याला तोंडच नव्हतं. उकडलेला बटाटा! कोंबड्या बाजूने कोंबड्या, पण समोरून बघितल्या तर नुसती एक रेघ. जणू मीच इस्त्री मारून ठेवल्या होत्या.

मी म्हटलं, "बघ, किती स्वच्छ!"

 होडी आपली पळत सुटली, सर्रर्र, आणि दणकन बेटाला लागली. टीव्हीत बाजा वाजला. कोंबड्या पोचल्या. जिंकली.

तिने हातातलं यंत्र खाली ठेवलं आणि म्हणाली, "मला वाटायचं पुढे काहीतरी आहे."

बस. एवढंच बोलली आणि भांडी घासायला गेली. घासलेलीच होती, परत घासली.

मी दुकानदाराला फोन लावला. "अहो, धुकं कुठंय?"

"कसलं धुकं?"

"समुद्रातलं!"

"अच्छा, ते! काका, जुन्या मशीनला लांबचं काढायला जमायचं नाही, म्हणून ते धुकं घालायचे. झाकायला. नव्याला सगळं जमतं. म्हणून धुक्याची गरजच नाही!"

"गरज आम्हाला होती हो!"

"काका, लोक धुकं नको म्हणून पैसे देतात," असं म्हणून त्याने फोन ठेवला. हसतच ठेवला असणार.

आता तुम्ही म्हणाल, खेळ तो खेळ, एवढं काय? मीही तसंच म्हणत होतो. मग हिच्या ऑफिसातून मला फोन आला. त्यांची मोठी बाई बोलत होती.

"तुमच्या मिसेसना काही झालंय का?"

"का हो?"

"जरा ऐका." आणि तिने मला फोनवरचं रेकॉर्ड केलेलं ऐकवलं. एक गृहस्थ लिफ्टमध्ये अडकलेत, ओरडतायत, "मला बाहेर काढा! मला बाहेर काढा!" आणि आमची ही, त्याच आवाजात, पण आवाजातला ओलावा पार वाळून गेलेला, म्हणते, "बाहेर येऊन काय करणार? बाहेर काही नाहीये. मी बघितलंय."

मी कपाळाला हात लावला.

"लिफ्ट उघडली," मोठी बाई सांगत होती, "दार सताड उघडं! तरी तो माणूस बाहेर येईना! दांडीला धरून बसला. आमच्या मिस्त्रीने पाय धरून ओढला त्याला!"

"अरेरे."

"हे बघा, त्या आमच्या सगळ्यांत चांगल्या आहेत. म्हणून सोमवारपर्यंत सुट्टी देते. सोमवारी तो आधीचा आवाज घेऊन येऊ द्या. नाहीतर मला त्यांना फोनवरून काढून सुट्या भागांच्या गोदामात बसवावं लागेल."

गोदामात! जिच्या आवाजाने मरायला टेकलेली माणसं भिंतीला टेकतात, ती काय नट-बोल्टांशी बोलणार? ती तर नुसती वाळून जाईल. आणि हे कोणी केलं? मी. समुद्र कोणी धुतला? मी!

म्हटलं, धुकं आपण घालवलं, आपणच आणायचं.

शनिवारी ही झोपली असताना मी टीव्हीवर मच्छरदाणीचं कापड टाकून बघितलं. उठून आली, बघितलं आणि विचारलं, "कोण गेलं?" काढून टाकलं. मग साबणाचं पाणी काचेवर फासलं. समुद्र दिसेना, कोंबड्या दिसेनात, वर खाली ओघळ. ती म्हणाली, "अहो, टीव्हीला सर्दी झाल्यासारखं दिसतंय." पुसून टाकलं. पुसता पुसता फडकं हातात धरून मी उभा राहिलो आणि माझ्या डोक्यात असा उजेड पडला की काय सांगू! अरे गाढवा, धुकं म्हणजे काय? थंड वाफ! आणि वाफेतलं कोणाला विचारायचं?

रविवारी सकाळी मुकादमाकडे गेलो. मुकादम म्हणजे आमच्या लाँड्रीचा. कायम पेंगुळलेला, पण हृदयाने मऊ.

"ते उभं वाफेचं यंत्र आजच्या दिवस घरी नेऊ का?" आमच्याकडे नवरीच्या झग्यांसाठी एक आहे. खाली टाकी, वर नळी, चाकांवर चालतं. आग्यावेताळ आहे नुसता.

"कशाला?"

"घरात धुकं करायचंय."

मुकादमाने एक डोळा उघडला. "पडद्यांसाठी नेतोय म्हण. म्हणजे मला परत झोप लागेल."

"पडद्यांसाठी नेतोय."

"ने."

रस्त्याने ते ढकलत आणलं. जिन्यावरून चढवताना खालच्या मजल्यावरचे शिट्टीवाले आजोबा दारात उभे होते. हे पूर्वी फुटबॉलच्या सामन्यांत पंच होते. पंचगिरी सुटली, पण शिट्टी गळ्यातच राहिली. जिन्यात कोणी धावलं, शिट्टी. कोणी कचरा चुकीच्या डब्यात टाकला, शिट्टी.

"हे काय?" आजोबा.

"पडद्यांसाठी."

त्यांनी शिट्टी ओठाला लावून परत काढली. नियमात बसलं असावं.

दुपार कलली होती. ही आतल्या खोलीत भिंतीकडे तोंड करून पडली होती. मी कामाला लागलो. आणि इथे बघा माझं डोकं! नवं मशीन, त्याला ओल लागता कामा नये. म्हणून मी ते सुटाच्या प्लॅस्टिकच्या पिशवीत घातलं, वरून आणखी एक पिशवी, आणि खाली अशी गाठ मारली, जशी हॉटेलच्या पाहुण्यांच्या कोटाला मारतो. कोटाला काही होत नाही. मशीन श्वास घेतं, हे मला कोणी सांगितलं होतं?

टीव्हीवर खेळ लावून ठेवला. टाकी भरली. बटण दाबलं. आत गुडगुड झालं, मग एक लांब उसासा, आणि नळीतून पहिली वाफ निघाली.

मंडळी, मी आयुष्यभर वाफेत उभा आहे. पण कामावर वाफ म्हणजे घाम. घरात ती वेगळीच निघाली. आधी सतरंजीवर पसरली, पाय गेले. मग टेबल गेलं. सोफा नुसता पाठीपुरता राहिला, पाण्यात बुडालेल्या म्हशीसारखा. खिडकीतून तिरकं ऊन येत होतं, ते त्या वाफेत अडकलं आणि सगळी खोली आतून पिवळी, मऊ, उजळली. भिंती कुठे आहेत ते कळेना. टीव्हीत तो निळा समुद्र होता, त्याची कडा, ते हिरवं कापड, सगळं हळूहळू विरघळलं. उरला एक काळपट ठिपका. लांब. बेट असेल, डोंगर असेल.

आणि नळीतून पाणी ठिबकत होतं. चुळूक... चुळूक...

आतल्या खोलीचं दार वाजलं. ही उठून आली होती. दारात उभी. केस मोकळे, डोळ्यांत झोप. वाफेत ती पण अर्धीच दिसत होती. मी सोफ्यामागे नळी धरून उकिडवा बसलो होतो, श्वास रोखून.

 ती हाताने चाचपडत आली, बसली, होडी सोडली.

आणि इकडे पिशवीत गुदमरून ते मशीन तापायला लागलं होतं. आतला पंखा विमानासारखा घोंगावायला लागला. आणि काय झालं माहितीये? चित्र मंदावलं! ती सर्रर्र पळणारी होडी दमली. वल्हं उचललं, ते उचलतच राहिलं. मग पडलं. कोंबडीने मान वळवायला घेतली, ती माझा पाय मुंग्यांनी भरला तरी वळतच होती. बेट जवळ येईचना!

"अहो," ती हळूच म्हणाली.

"काय गं?"

"पुढे काहीतरी आहे."

तोच आवाज! ओला! कपाळावर हात ठेवल्यासारखा!  मी नळी आणखी उंच धरली.

किती वेळ गेला कुणास ठाऊक. पण वाफेला दार कळत नाही. ती दाराच्या फटीतून जिन्यात गेली होती, खिडकीतून रस्त्यावर गेली होती. खाली आजोबा झाडांना पाणी घालत होते. त्यांनी वर बघितलं.

फुर्रर्रर्र!

अशी शिट्टी की ती ऐकून मेलेला गोलकीपर उठून बसावा! "आग! सगळे मैदानाबाहेर! खाली या! ढकलाढकली नको!" बिल्डिंग रिकामी! कोणी मांजर घेऊन, कोणी गादी घेऊन, एकजण तर अर्धी दाढी घेऊन खाली पळाला. आणि आजोबा मात्र वर आले, आमच्या दारावर धपाधपा मारायला लागले. शूर माणूस, मानलं पाहिजे.

"आत कोण आहे?"

मी म्हटलं, "आम्हीच आहोत!"

"बाहेर या! जीव वाचवा!"

मी उठणार तोच ही वळलीसुद्धा नाही, टीव्हीकडेच बघत म्हणाली, "घाबरू नका, आजोबा. भिंतीला टेकून उभे राहा. सावकाश श्वास घ्या."

बाहेरची धपाधप थांबली. मग भिंतीला टेकल्याचा आवाज आला.

पण बंबवाल्यांना फोन आधीच गेला होता. घंटा वाजली, जिन्यात बुटांचा गडगडाट झाला, आणि दार लोटून ते आत आले! पुढे त्यांचा हवालदारासारखा दिसणारा म्होरक्या, तोंडाला मुखवटा, हातात कुऱ्हाड. मागे त्याचे दोन गडी, एक जाडा, एक बारीक, पाण्याचा पाइप धरून.

"आग कुठंय?" म्होरक्या मुखवट्यातून ओरडला. हूं... हां... हूं... हां...

"बूट काढा," ही म्हणाली.

"काय?"

"सतरंजी आहे. बूट काढा. कुऱ्हाड दाराशी ठेवा. सावकाश श्वास घ्या."

तुम्हाला सांगतो, शिकवलेलं असतं त्यांना जळत्या घरात शिरायला. या आवाजात कसं शिरायचं ते नव्हतं शिकवलेलं. म्होरक्याने कुऱ्हाड ठेवली. बूट काढले. मुखवटा काढला, हवा हुंगली.

"ही वाफ आहे," तो म्हणाला.

"पडद्यांसाठी," मी सोफ्यामागून म्हटलं.

आता मला शिव्या बसणार म्हणून मी मान खाली घातली. पण शिव्या येईनात. वर बघतो, तर म्होरक्या टीव्हीसमोर उभा, हात लोंबते.

"हे कुठलं ठिकाण?" त्याने विचारलं.

"माहीत नाही," ही म्हणाली. "बसा."

तो बसला. हेल्मेट मांडीवर घेतलं, कोंबडीसारखं. जाडा बसला, बारीक बसला. आजोबा आत आले, शिट्टी ओठांत तशीच होती, पण वाजवायची विसरले होते. नुसत्या श्वासाची बारीक सुर... सुर... ऐकू येत होती. वल्हं उचललं जात होतं. पडत होतं. दिवसभर धूर बघणारी माणसं ती, पण या धुरात काही जळत नव्हतं. भिंतीवरचा कागद ओला होऊन सुटला आणि पसरतच म्होरक्याच्या डोक्यावर आला. त्याने तो शालीसारखा खांद्यावर ओढून घेतला आणि म्हणाला, "ते समोर काय आहे?"

"काहीतरी," बारीक म्हणाला.

खाली रस्त्यावर सगळी बिल्डिंग मांजरं-गाद्या घेऊन वर बघत उभी होती. आणि वर आम्ही सगळे समुद्रात!

मग टप्प! टीव्ही काळा. त्यावर अक्षरं आली: मशीन फार तापले आहे. थंड होऊ द्या.

"माझी होडी!" ही उभी राहिली. पहिल्यांदाच तिचा आवाज हलला. सोमवार माझ्या डोळ्यांसमोर आला, नट-बोल्टांसकट.

म्होरक्याने झटक्यात पिशवी फाडली. त्यांना ते काम येतं. आतून मशीन काढलं, खिडकीत धरलं, फुंकर घातली. "हे असं गुंडाळलं कोणी?"

सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. आजोबांनी तर बोट दाखवलं.

"आणि ही वाफ कशाला?"

मग मी सांगितलं सगळं. धुकं, दुकानदार, बटाटा, लिफ्टमधला माणूस. म्होरक्या ऐकत होता आणि जाड्याकडे बघत होता. जाडा बारीककडे बघत होता.

"काका," जाडा शेवटी म्हणाला, "आमच्या ठाण्यात हेच मशीन आहे."

"मग?"

"जुना खेळ लावला की कोपऱ्यात एक बटण येतं. 'जुनं रूप'. ते दाबलं की जसं होतं तसं दिसतं. धुक्यासकट."

मंडळी, तुम्ही कधी इस्त्री जास्त वेळ ठेवून रेशमाला भोक पाडलंय? ते भोक बघताना माणूस जसा उभा राहतो ना, तसा मी उभा होतो. भिंत सोललेली, सतरंजीचं तळं, रस्त्यावर बंब, अर्ध्या दाढीचा शेजारी. आणि कोपऱ्यात एक बटण!

मशीन थंड झालं. जाड्याने बटण दाबलं. आलं धुकं! जसंच्या तसं, दाट, दुधाळ. होडी सावकाश. बटाटा गेला, नावाडी आला. तोवर इकडे वाफेची टाकी संपली होती, आणि खोलीत परत टेबल, कपाट, घड्याळ, सगळं दिसायला लागलं.

ही बघत बसली. मी म्हटलं, "झालं ना आता? खूश?"

"छान आहे," ती म्हणाली. मग जरा थांबून, "पण अहो..."

"काय?"

"मघाशी मी होडीत होते. आता सोफ्यावर आहे."

म्होरक्याने मान डोलावली. "बरोबर बोलतायत ताई. मलाही तसंच वाटलं."

आजोबांनी एक छोटी शिट्टी वाजवली. म्हणजे निर्णय लागला. मी गुपचूप टाकी भरायला मोरीत गेलो.

सोमवारी ही कामावर गेली. संध्याकाळी मोठ्या बाईचा फोन. मी घाबरत घाबरत घेतला. "आवाज आलाय," ती म्हणाली, "पण एक तक्रार आहे. आज एक बाई अडकल्या होत्या. लिफ्ट उघडली तरी बाहेर यायला तयार नाहीत. म्हणतात, यांना अजून थोडं बोलू द्या!"

गोदामाचा विषय त्यानंतर कोणी काढला नाही.

वाफेचं यंत्र मुकादमाने आम्हालाच देऊन टाकलं, म्हणाला, "पडद्यांचं कारण परत परत सांगू नकोस, झोपमोड होते." आता कसं झालंय, आठवडाभर मी हॉटेलात वाफेत उभा असतो, आणि रविवारी सुट्टी म्हणून घरी वाफेत उभा असतो! सोफ्यामागे, नळी धरून. जरा हात खाली आला की चारी बाजूंनी आवाज येतो, "काका, धुकं!" बसायला जागा मिळत नाही हो मला माझ्याच घरात. ज्या रविवारी म्होरक्याची सुट्टी असते, तो जाड्याला आणि बारीकला घेऊन येतोच. आजोबा तर दर रविवारी असतात, बसल्या बसल्या डुलकी काढतात.

कोंबड्या अजून होडीतच आहेत. आता घाई कोणालाच नाही.

ती बघा, तुमची बस आली. जाता जाता एकच विनंती आहे, तेवढी पाळा. रविवारी दुपारी या रस्त्याने गेलात आणि वरच्या मजल्यावर एका खिडकीतून धूर निघताना दिसला, तर कृपा करून बंब बोलावू नका. बंबवाले आत आहेत, आणि बूट काढून बसलेत.